जकार्तातल्या मैत्रिणी ‘गमुकान’ म्हणाल्या तर मनाला लावून घ्यायचं का?

प्रश्न थोडक्यात परत मांडते म्हणजे बाकीच्यांनाही कळेल. पुण्याहून जकार्ताला पोस्टिंग झालंय, दिवाळीला घरी जाऊन परत गेलीस तर टीममधली एक मुलगी भर लिफ्टमध्ये हसत म्हणाली ‘कोक गमुकान, काक?’ म्हणजे जाड कशी काय झालीस गं ताई, दुसरी म्हणाली तू ‘हिताम मानिस’ आहेस, तिसरीने नाकाचं कौतुक केलं, ग्रुपवरचे निम्मे शब्द डिक्शनरीत सापडत नाहीत, आणि एप्रिलमध्ये सगळ्या बायकांनी कबाया (तिकडचा पारंपरिक, बहुतेक लेसचा ब्लाउज) घालून यायचंय तर मापाचं टेन्शन आलंय. अपमान समजायचा की लाड, हा तुझा मुद्दा. (तुला सरळ ‘तू’ म्हणतेय, राग नसावा. आणि काक म्हणजे कावळा नव्हे, मोठं भावंड.) मी बहासा म्हणजे इंडोनेशियाची भाषा शिकवते आणि तिकडे बरीच वर्षं दुभाषी म्हणून काम केलंय, त्यामुळे उत्तर त्या बाजूने देतेय, मी सायकॉलॉजिस्ट नाही.

आधी वजनाचं. ‘कोक गमुकान’ ही तिथे बासा-बासी, म्हणजे भेटल्यावर काहीतरी बोलायचं म्हणून बोललेलं. जेवलीस का, कुठे निघालीस, लग्न कधी करतेस, त्याच माळेतलं. आपल्याकडे लग्नाच्या हॉलवर मावशी ‘तब्येत सुधारलेली दिसतेय हं’ म्हणते तेच हे, फक्त आपण जरा आडून बोलतो आणि त्या सरळ बोलून मोकळ्या होतात. उलट बारीक झालेलीला ‘कुरुसान’ म्हणतात आणि त्यात बरेचदा काळजी असते, आजारी होतीस का, नवऱ्याशी भांडलीस का. लग्नानंतर अंग भरलं तर गमतीत ‘माकमुर’ म्हणतात, म्हणजे भरभराट झाली, घरात सगळं छान चाललंय. म्हणजे शब्द ऐकून लगेच निकाल लावू नकोस, त्याच्या शेपटाला काय लावलंय ते ऐक. जावाकडे म्बाक, बांडुंगकडे तेतेह, पादांगच्या बायका उनी, चिनी वंशाच्या घरात चीची, वयाने-मानाने मोठीला इबू, आणि कुठेही चालणारं काक. असं नातं लावून, चेहऱ्याकडे बघत बोललेलं वाक्य जवळीक दाखवायला असतं. तेच वाक्य नातं न लावता, ओळख नसलेल्या माणसाने फोटोखाली टाकलं की ते दुखवायलाच टाकलेलं असतं, आणि अशा खवचट बोलण्याला त्यांचा वेगळा शब्द आहे, ‘जुलिद’.

पण म्हणून हे निरुपद्रवी आहे असं मी म्हणणार नाही, उगाच ‘त्यांची संस्कृतीच तशी आहे’ म्हणून सोडून देणाऱ्यांपैकी मी नाही. ज्या बायका लिफ्टमध्ये हसत हे बोलतात त्याच कॉफी पिताना सांगतात की लबारान म्हणजे ईदला गावी जायच्या आधी महिनाभर जीव घाबरा होतो, कारण सगळं खानदान जमणार आणि दारात पहिलं वाक्य हेच येणार, दुसरं ‘लग्न कधी’. सगळ्यांना दुखतं आणि सगळ्याच बोलतात.

मग कोणी थांबवत का नाही? इथे तुला ‘गमुकान’पेक्षा महत्त्वाचा शब्द सांगते, ‘बापेर’. ‘बावा परासाआन’चं छोटं रूप, भावना मध्ये आणणं, मनाला लावून घेणं. कोणी म्हणालं मला हे आवडलं नाही की लगेच समोरची म्हणते ‘जांगान बापेर दोंग’, अगं एवढं काय मनावर घेतेस. झालं, विषय बंद, आता चूक बोलणारीची राहिलीच नाही, ऐकणारीची झाली. त्यात समोरच्याला अवघडल्यासारखं होईल असं काही करायचं नाही हा संस्कार इतका मुरलेला की तोंडावर नाही म्हणणंच उद्धट वाटतं, विशेषतः जावानी घरात.

म्हणून तुझ्या ग्रुपवर जे इंग्रजी शब्द दिसतात ना, बॉडी शेमिंग, इनसिक्युअर, टॉक्सिक, सेल्फ लव्ह, त्यांना फॅशन समजू नकोस. दक्षिण जकार्तातल्या पोरांची ‘विच इज’, ‘लिटरली’ करत अर्धं इंग्रजी बोलण्यावरून भरपूर टिंगल होते, त्यांना ‘आनाक जाकसेल’ म्हणतात, आणि ती टिंगल थोडीफार खरीही आहे. पण माझं मत असं की या शब्दांनी मुलींचं एक मोठं काम केलंय. स्वतःच्या भाषेत तक्रार केली की तिला बापेर हे नाव आधीच तयार होतं, बॉडी शेमिंगला मात्र ते नाव चिकटत नाही, कारण या शब्दात चूक बोलणाऱ्याची धरलेली आहे. शब्द बाहेरून आणला म्हणून त्यांना घरात बोलता आलं. अर्थात हा शब्द कोणाच्या तोंडी येतो हेही बघ, ऑफिसातली मुलगी म्हणते, तिच्या घरी काम करायला मध्य जावातल्या तेगालहून आलेली बाई म्हणत नाही, तिच्याकडे अजून बापेरच आहे. आणि आता तर ‘इनसिक्युअर’ इतका स्वस्त झालाय की कोणाचाही बरा फोटो दिसला की खाली ‘ऑटो इनसिक्युअर’ लिहून मोकळ्या होतात, कौतुक म्हणून.

एक प्रसंग तुला माहीत असलेला बरा, गप्पांत निघतो. मार्च २०२० मध्ये तारा बास्रो या अभिनेत्रीने स्वतःचे फोटो टाकले, पोटाच्या वळ्या, स्ट्रेच मार्क, काहीही न लपवता, आपलं शरीर आहे तसं स्वीकारा अशा अर्थाचं लिहून. हजारो बायकांनी उचलून धरलं. आणि माहिती-दूरसंचार मंत्रालयाच्या प्रवक्त्याने काय म्हणावं, की यातला एक फोटो इलेक्ट्रॉनिक माहिती कायद्याच्या सभ्यतेच्या कलमात बसू शकतो! ओरडा झाल्यावर सरकारचा सूर बदलला. पण बघ, जाहिरातीतली सपाट पोटं रोज दिसतात तेव्हा कोणाला कलम आठवत नाही, वळी दिसली की आठवतं.

आता रंगाचं. तुला ‘हिताम मानिस’ म्हणाल्या, शब्दशः काळी-गोड. हे कौतुकच आहे, आपल्या ‘सावळी पण नाकीडोळी नीटस’च्या जातीचं, म्हणजे त्यातला ‘पण’ ऐकू येत नसला तरी असतो. तिथे कातडीच्या रंगांना फळांची नावं आहेत, बहुसंख्य लोक ‘सावो मातांग’, सावो म्हणजे आपला चिकू, पिकलेल्या चिकूचा रंग (घोलवडच्या माणसाला लगेच डोळ्यासमोर येईल), आणि हवासा वाटणारा रंग ‘कुनिंग लांगसात’, लांगसात नावाच्या फिकट पिवळ्या फळाचा. गंमत अशी की पाठ्यपुस्तकी अभिमानाने सगळे आम्ही सावो मातांग म्हणतात आणि दुकानात जाऊन लांगसात मागतात. हे सगळं गोऱ्या साहेबाने शिकवलं असं सरसकट म्हणतात, ते मला अर्धवट वाटतं. डच यायच्या कितीतरी शतकं आधीच्या, साधारण नवव्या शतकातल्या जुन्या जावानी रामायणातसुद्धा सुंदर बाईला उपमा चंद्राचीच आहे. डचांनी त्यावर वंशाची उतरंड बसवली, नव्वदीनंतरच्या टीव्ही सिरियल्सनी अर्धयुरोपीय चेहरे घरोघरी नेले, त्यांना ‘ब्लास्तेरान’ म्हणतात, आणि मागच्या दहा-पंधरा वर्षांत कोरिया आला. हल्ली ‘पुतिह’ म्हणजे गोरं, असं उघड म्हणायची लाज वाटते म्हणून शब्द आलाय ‘ग्लोइंग’. डबीवरचं नाव बदललं, मागणी तीच.

आणि या ग्लोइंगपायी काय होतं ते मी जवळून बघितलंय. भारतातून आलेल्या एका स्किनच्या डॉक्टरांसाठी जकार्ताबाहेरच्या एका क्लिनिकमध्ये दुभाषी म्हणून बसले होते, फॅक्टरीत काम करणारी एक मुलगी आली, गालांवर भाजल्यासारखा लाल पट्टा, उन्हात गेलं की आग होते म्हणाली. पर्समधून दोन छोट्या प्लास्टिकच्या डब्या काढल्या, एकावर ‘सियांग’, एकावर ‘मालाम’, दिवसाची आणि रात्रीची, बाकी ना कंपनीचं नाव ना घटक ना तारीख. आतलं क्रीम पिवळंजर्द, बोटाला चिकटणारं, मोत्यासारखी चमक. डॉक्टरांनी विचारलं किती दिवसांत गोरी झालीस, ती जरा अभिमानानेच म्हणाली आठवड्यात. डॉक्टर म्हणाले आठवड्यात होतंय म्हणूनच बंद कर. अशा ‘आबाल-आबाल’ म्हणजे भुक्कड क्रीममध्ये पारा आणि हायड्रोक्विनोन सापडतं, बेपोम म्हणजे त्यांची अन्न-औषध यंत्रणा वेळोवेळी साठेच्या साठे जप्त करते, तरी लाइव्ह सेलमध्ये विकत राहतात. पारा किडनीवर जातो. तू काहीही घेशील तर डबीवर बेपोमचा नोंदणी नंबर बघ, आशियात बनलेल्या कॉस्मेटिकचा एनए ने सुरू होतो, आणि तो त्यांच्या साइटवर टाकून तपास, कारण नंबरही खोटे छापतात. ‘सुन्तिक पुतिह’ म्हणजे गोरं करायचं इंजेक्शन, मैत्रिणी आग्रहाने घेऊन जातील, जाऊ नकोस.

नाकाचं कौतुक खरं समज. भारतीय नाक ‘मांचुंग’ म्हणजे धारदार, आणि स्वतःच्या ‘पेसेक’ म्हणजे बसक्या नाकाबद्दल तिथल्या मुली सतत कुरकुरतात. २०१४ मध्ये आपलं टीव्हीवरचं महाभारत तिकडे डब होऊन लागलं, तेव्हापासून भारतीय चेहऱ्याचं कौतुक आणखी वाढलंय. पण हेच कौतुक पूर्णवेळ चालेल असं धरू नकोस, मान डोलावून ‘आचा आचा’ करणारेही भेटतील, आणि कधी उत्तर सुमात्रात मेदानला गेलीस तर काळ्या भारतीयांसाठी ‘कलिंग’ हा शब्द ऐकशील, तो शिवी आहे. तिथल्या तमिळ वस्तीचं जुनं नाव त्या शब्दावरूनच होतं, ते बदलून आता काम्पुंग मद्रास केलंय.

या मोजपट्टीत सगळ्यात जास्त मार कोणाला बसतो तर पूर्वेकडच्या मुलींना, पापुआ, मालुकु, फ्लोरेस. काळा रंग आणि ‘करितिंग’ म्हणजे कुरळे केस. ‘इंडोनेशियन सुंदरी’ म्हटलं की जाहिरातीत सरळ केस येतात, एके काळी रीबाँडिंगचं वेड इतकं होतं की लहान शहरातही पाटी दिसायची. ऑगस्ट २०१९ मध्ये सुराबायात पापुआच्या विद्यार्थ्यांना ‘माकड’ म्हटलं गेलं आणि त्यावरून अख्खं पापुआ पेटलं, म्हणजे केस-रंगाची चेष्टा तिथे फक्त मुलींच्या मनाला लागण्यापुरती राहत नाही. चिनी वंशाच्या मुलींचं आणखी वेगळं, हल्ली त्यांना ‘चिंदो’ म्हणतात, त्या गोऱ्या असतात, सगळ्यांना हवा तो रंग, तरी ‘सिपित’ म्हणजे बारीक डोळ्यांची हे ऐकून मोठ्या होतात, आणि १९९८ च्या मे महिन्यातल्या दंगलीत याच बायकांवर ठरवून अत्याचार झाले. त्याच वर्षी कोमनास परम्पुआन हा राष्ट्रीय महिला आयोग स्थापन झाला तो या प्रकरणामुळेच. तेव्हा चिंदो सहकारणीशी डोळ्यांवरून थट्टा करू नकोस, बाकीच्या करत असल्या तरी.

ग्रुपवरचे शब्द. इंडोनेशियन माणसाला लघुरूपं करायची भयंकर हौस, सरकारी खात्यापासून प्रेमप्रकरणापर्यंत, त्यामुळे डिक्शनरी बंद कर आणि शब्द फोडायला शिक. ‘माहमुद’ वाचून मोहम्मद समजू नकोस, मामाह मुदा, तरुण आई. ‘माचान’ म्हणजे एरवी वाघ, इथे मामा चांतिक, देखणी आई, हे दोन्ही बायका स्वतःलाच मिरवत लावतात. ‘चगिल’ म्हणजे चेवेक गिला, प्रेमात येडी झालेली पोरगी, हेही आता मुली स्वतःच म्हणतात. ‘कुतिलांग दारात’ ऐकायला बुलबुलासारख्या पक्ष्याचं नाव, पण फोडलं की सडपातळ, उंच, बारीक आणि सपाट छाती, शाळेत मुलगे मुलींना चिडवतात. ‘बोहाय’, ‘समोक’ भरल्या अंगाची, मैत्रिणी आपसात म्हणतील, पुरुष सहकाऱ्याने म्हटलं तर गप्प बसू नकोस. आणि ‘तोब्रुत’ हा शब्द कळला नाही तर मोठ्याने विचारू नकोस, छातीवरून केलेली घाणेरडी कॉमेंट आहे ती, २०२४ मध्ये कॉमेंटमध्ये इतका बोकाळला की महिला आयोगाने स्पष्ट सांगितलं की हा लैंगिक छळ आहे आणि २०२२ च्या लैंगिक हिंसा कायद्यात बसतो. त्या कायद्यात शरीराला हात न लावता केलेल्या छळाला ९ महिन्यांपर्यंत कैद आहे. एवढं तुला माहीत आहे हे पुरुषांना कळलं तरी पुरे होतं. मुली स्वतःला लावतात ते शब्द आणि त्यांना लावले जातात ते शब्द, या दोन्हींची गल्लत ग्रुपवर करू नकोस, नवीन माणसाने पहिले सहा महिने दुसऱ्या प्रकाराला हातच लावू नये.

हिजाबबद्दल तू विचारलं नाहीस पण शरीराचा विषय तिथे त्याशिवाय होत नाही. बाहेरच्याला वाटतं डोकं झाकलं की दिसण्याची कटकट संपली. राष्ट्राध्यक्ष सुहार्तोच्या काळात १९८२ मध्ये सरकारी शाळांत जिलबाबवर म्हणजे हिजाबवरच बंदी आली होती, मुलींना शाळा सोडाव्या लागल्या, १९९१ मध्ये परवानगी मिळाली. तीस वर्षांनी उलटं, पादांगच्या सरकारी शाळेत ख्रिश्चन मुलीला जिलबाब घालायला सांगितलं म्हणून देशभर गदारोळ, २०२१ मध्ये तीन मंत्र्यांनी मिळून सक्ती करू नका असा आदेश काढला, तो सुप्रीम कोर्टाने त्याच वर्षी रद्द केला. मधल्या काळात २०१० च्या आसपास ‘हिजाबर’ मुलींची फॅशन आली, हलाल मेकअपचा धंदा वाढला, आणि २०१४ मध्ये लगेच डोकं झाकून घट्ट कपडे घालणाऱ्यांसाठी ‘जिलबूब्स’ हा शब्द निघाला, उलेमा परिषदेनेही अशा कपड्यांवर बोट ठेवलं. झाकलं तरी बोलतात, नाही झाकलं तरी बोलतात. तुझ्या टीममधली एखादी कालपर्यंत मोकळ्या केसांची आज हिजाबमध्ये आली तर ‘छान दिसतेस’ एवढं म्हण आणि का ते विचारू नकोस, उलट झालं, म्हणजे काढला, तर काहीच म्हणू नकोस.

अंगाला वळण लावायची जुनी रीतही आहेच, आणि ती आपल्याला ओळखीची वाटेल. बाळंतिणीचं पोट बांधायला जावात लांबच लांब ‘स्तागेन’ गुंडाळतात, आपल्या पोटपट्ट्यासारखाच. बारीक राहायला ‘गालियान सिंगसेत’ नावाचा जामू म्हणजे जडीबुटीचा काढा पितात, पाठीवर बाटल्या बांधून फिरणाऱ्या जामूवाल्या अजून दिसतात, हळद-चिंचेचा ‘कुन्यित आसाम’ तर तुला नक्की आवडेल. बालीची कोणी सहकारी असेल तर तिचे वरचे दात एका रेषेत दिसतील, वयात आल्यावर मुलामुलींचे वरचे सहा दात कानस मारून सपाट करतात, ‘साद रिपु’ म्हणजे आपलेच षड्रिपू काबूत यावेत म्हणून. आणि बोर्निओतल्या केन्याह जमातीच्या आजींचे वजनी रिंगांनी खांद्यापर्यंत आलेले कान, ते त्यांच्या नाती करत नाहीत, काहींनी तर शहरात चेष्टा नको म्हणून लोंबती पाळी कापून घेतली. बेटागणिक सुंदर दिसण्याची रीत वेगळी होती, आता सगळ्यांना जकार्ताच्या मॉलमधला एकच चेहरा हवाय, माझा खरा राग आहे तो यावर.

तर उत्तर काय द्यायचं. जवळचीने ‘गमुकान’ म्हटलं तर हसून ‘इया निह, माकमुर’, हो ना, भरभराट चाललीय, विषय तिथेच मिटतो. रोज कोणी तेच करत असेल तर बाजूला घेऊन, चारचौघात अजिबात नाही, ‘काक, आकु ङ्गाक न्यामान’, मला हे बरं वाटत नाही. ‘न्यामान’ हा शब्द तिथे वजनदार आहे, यात आरोप नाही पण ऐकणारी थांबते. बापेर म्हणालीच तर ‘हो, आहे मी बापेर’ म्हणायचं, त्याच्यापुढे कोणाकडे काही नसतं.

कबाया. २१ एप्रिलला कार्तिनीचा वाढदिवस. १८७९ ला जेपारात जन्मली, मुलींना शिकू द्या म्हणून पत्रं लिहीत राहिली आणि पंचविशीत बाळंतपणानंतर गेली, तिच्या नावाने आता मुख्यतः कबाया स्पर्धा होतात, यावर तिथल्याच बायका दरवर्षी चिडतात. पण २०२४ मध्ये कबाया युनेस्कोच्या यादीत गेल्यापासून हौसही वाढलीय, तू बिनधास्त घाल, परदेशी बाईने घातला तर आनंदच होतो. ऑनलाइन किंवा तानाह आबांगच्या मार्केटमधून तयार घेणार असशील तर ‘ऑल साइझ’ लिहिलेलं घेऊ नकोस, ते जेमतेम एल ला होतं, ‘एलडे’ बघ, म्हणजे छातीचा घेर सेंटीमीटरमध्ये, तो कपड्याचा असतो म्हणून स्वतःच्या मापापेक्षा चार-पाच सेंमी जास्त घे, लेस ताणली जात नाही. ‘जुम्बो’ लिहिलेलं बघून दचकू नकोस, आपल्याकडची साधी एक्सएलवाली तिकडे जुम्बोत जाते. पारदर्शक लेस असेल तर आत ‘मानसेत’ नावाचा पूर्ण बाह्यांचा पातळ टॉप मिळतो, हिजाबवाल्या तोच घालतात, तुलाही चालेल. शिवून घेणार असशील तर पन्जाहितला म्हणजे शिंप्याला रमजान सुरू व्हायच्या आधीच गाठ, ईदच्या गर्दीत ते नवीन काम धरत नाहीत, आणि बाही कोपरापर्यंत हवी असेल तर तसं स्पष्ट सांग, नाहीतर मनगटापर्यंतच शिवून देतील.